फुकटच्या विंडोजचे बिल कुणाच्या नावावर?

रावेर-यावलच्या केळीपट्ट्यात फळपीक विम्याचे अर्ज भरायचे दिवस आले, की गावोगावच्या सेवा केंद्रांपुढे रांगा लागतात. प्रत्येकाच्या हातात एक प्लास्टिकची पिशवी. आत सातबारा, आठ-अ, आधार कार्ड, बँकेचे पासबुक. एकेक कागद स्कॅन होतो, मोबाइलवर ओटीपी येतो, तो मोठ्याने वाचून दाखवला जातो आणि अर्ज पुढे सरकतो. धुळ्यातल्या करसल्लागाराच्या कार्यालयात जुलैमध्ये असेच पॅन, बँकखाती आणि पासवर्ड एका संगणकात जमा होतात. जळगावातल्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये रुग्णांचे रिपोर्ट असतात, फोटो स्टुडिओत लग्नांचे अल्बम असतात.

कधीतरी यातला एखादा संगणक संथ चालू लागतो. दुरुस्तीला नेला, की काउंटरवरचा संवाद ठरलेला असतो. ‘‘फॉरमॅट मारून विंडोज टाकून देतो. ऑफिस, फोटोशॉप सगळं त्यातच.’’ ‘‘ओरिजिनल का?’’ ‘‘क्रॅक आहे. पण काही व्हत नही, भाऊ. सगळेच वापरतात.’’ काही शे रुपयांत काम होते आणि संध्याकाळी संगणक परत टेबलावर येतो. पडद्याच्या कोपऱ्यात ‘विंडोज अ‍ॅक्टिव्हेट करा’ ही कटकट नसते.

‘सगळेच वापरतात’ हे म्हणणे फारसे चुकीचे नाही. सॉफ्टवेअर कंपन्यांच्या ‘बीएसए’ या संघटनेने २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार २०१७ साली भारतातल्या संगणकांवर टाकलेल्या सॉफ्टवेअरपैकी ५६ टक्के विनापरवाना होते. ‘काही व्हत नही’ हे मात्र तपासून पाहण्यासारखे आहे. त्यासाठी ही अ‍ॅक्टिव्हेशनची करामत नेमकी चालते कशी, हे आधी समजून घ्यावे लागते.

परवाना ओळखला कसा जातो?

विंडोज विकत घेतली आहे, हे संगणकाला तीन मुख्य मार्गांनी कळते. पहिला मार्ग जुना आणि सगळ्यांना माहीत असलेला. पंचवीस अक्षरी-अंकी ‘की’ टाकायची, संगणक ती कंपनीच्या सर्व्हरकडून तपासून घेतो. दुसरा मार्ग २०१२ मध्ये विंडोज ८ सोबत रूढ झाला. नामांकित कंपनीचा लॅपटॉप विंडोजसह विकला जातो तेव्हा ही की त्याच्या मदरबोर्डवरच्या चिपमध्येच साठवलेली असते. फॉरमॅट मारला तरी ती पुसली जात नाही.

तिसरा मार्ग मोठ्या संस्थांसाठी आहे. विद्यापीठ, बँक किंवा कारखान्यात शेकडो संगणक असतात. प्रत्येकाने वेगळी की टाकून बाहेरच्या सर्व्हरला विचारत बसणे अवघड. म्हणून संस्था स्वतःच्या आवारात एक सर्व्हर ठेवते. त्या व्यवस्थेला ‘केएमएस’ म्हणतात. विंडोज व्हिस्टाच्या काळापासून, म्हणजे २००७ च्या सुमारापासून, ती वापरात आहे. आतला प्रत्येक संगणक या सर्व्हरला विचारतो, ‘मी आपल्याच संस्थेचा आहे ना?’ सर्व्हर ‘हो’ म्हणतो आणि १८० दिवसांची मुदत देतो. मुदत वाढवून घेण्यासाठी संगणक दर सात दिवसांनी पुन्हा विचारणा करतो. साध्या विंडोजसाठी किमान २५ संगणकांनी विचारणा केल्याशिवाय हा सर्व्हर कुणालाच होकार देत नाही.

बाजारात फिरणारे बहुतेक जुने ‘अ‍ॅक्टिव्हेटर’ याच व्यवस्थेची नक्कल करतात. ते तुमच्याच संगणकात एक लुटुपुटूचा सर्व्हर उभा करतात. संगणक विचारतो, ‘मी संस्थेचा आहे ना?’ आणि उत्तरही त्याच पेटीतून येते, ‘हो, आहेस.’ स्वतःच्या अर्जावर स्वतःच ग्रामपंचायतीचा शिक्का मारून घेण्यासारखा हा प्रकार. मुदत संपत आली की तो शिक्का पुन्हा मारावा लागतो. त्यामुळे असा अ‍ॅक्टिव्हेटर एकदा चालून थांबत नाही. दर काही दिवसांनी आपोआप जागे होण्याची सोय तो संगणकात करून ठेवतो.

नव्या स्क्रिप्टची युक्ती वेगळी असते. ‘या संगणकावर आधीपासून अस्सल विंडोज होती’ असे भासवणारे प्रमाणपत्र त्या तयार करतात. ते कंपनीच्या सर्व्हरपुढे ठेवून कायमचा डिजिटल परवाना मिळवतात. छायाचित्रांच्या किंवा छपाईच्या सॉफ्टवेअरमध्ये आणखी तिसरा प्रकार चालतो. जिथे परवाना तपासला जातो ती मूळ फाइलच बदलली जाते आणि प्रोग्रामने कंपनीशी संपर्क साधू नये म्हणून त्याची वाट अडवली जाते. यालाच बोलीभाषेत ‘क्रॅक’ म्हणतात.

कंपन्या अधूनमधून या पळवाटा बुजवतात. मग जुनी युक्ती चालेनाशी होते आणि माणूस पुन्हा नव्या क्रॅकच्या शोधात इंटरनेटवर फिरू लागतो. प्रत्येक शोध म्हणजे नव्या अनोळखी माणसाच्या दारात जाणे.

किल्ली कुणाच्या हाती?

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. सगळ्याच अ‍ॅक्टिव्हेशन स्क्रिप्टमध्ये विषाणू असतो, असे नाही. काहींचा मजकूर सर्वांना वाचता येईल असा उघडा ठेवलेला असतो आणि जाणकारांनी तो तपासलेलाही असतो. वर्षानुवर्षे क्रॅक वापरूनही काही झाले नाही, असे सांगणारे लोक त्यामुळेच भेटतात. पण धोका एखाद्या ठरावीक स्क्रिप्टपुरता नसतो. ती चालवण्यासाठी आपण काय काय करतो, त्यात तो असतो.

पहिली गोष्ट अधिकारांची. परवान्याच्या फाइलींना हात लावायचा, तर संगणकाचे सर्वोच्च अधिकार लागतात. ‘या प्रोग्रामला बदल करू द्यायचे का?’ अशी खिडकी उघडते आणि आपण ‘हो’ दाबतो. त्या एका होकारानंतर ती स्क्रिप्ट कुठलीही फाइल वाचू शकते, पुसू शकते, नवा प्रोग्राम बसवू शकते, नवा वापरकर्ता तयार करू शकते. परवान्याचे काम करून बाकी कशालाही हात न लावणे ही निव्वळ तिच्या कर्त्याची मर्जी.

दुसरी गोष्ट पहारेकऱ्याची. विंडोजमधला ‘डिफेंडर’ किंवा बाहेरचा अँटिव्हायरस अशा साधनांना ओळखतो आणि अडवतो. म्हणून सोबतच्या सूचनांमध्ये पहिलीच ओळ असते, ‘आधी अँटिव्हायरस बंद करा’. काही साधने स्वतःच डिफेंडरच्या ‘याकडे पाहू नका’ या यादीत आपला फोल्डर, कधी सगळी सी ड्राइव्ह घालून ठेवतात. काम झाल्यावर ती यादी पूर्ववत करायची आठवण कुणालाच राहत नाही. पुढे महिन्याभराने पेनड्राइव्हमधून खराखुरा विषाणू आला, तरी पहारेकऱ्याचे तोंड भिंतीकडेच असते. शिवाय ‘क्रॅक आहे म्हणून अँटिव्हायरस ओरडतो, लक्ष द्यायचे नाही’ ही सवय लागते. अवजार म्हणून दिलेला इशारा आणि चोर म्हणून दिलेला इशारा यांतला फरक मग कुणी वाचत नाही.

तिसरी गोष्ट वाटेची. हल्ली फाइल उतरवण्याऐवजी एक ओळ काळ्या खिडकीत चिकटवायला सांगतात. ती ओळ इंटरनेटवरून मजकूर आणते आणि डिस्कवर न साठवता तिथल्या तिथे चालवते. आज त्या पत्त्यावर जो मजकूर आहे तोच उद्या असेल, याची खात्री कुणी देत नाही. पत्ता टंकताना एक अक्षर चुकले तरी घात होऊ शकतो. नावाजलेल्या एका स्क्रिप्टच्या पत्त्यातले एक अक्षर गाळून कुणीतरी तसाच दुसरा पत्ता नोंदवल्याचे डिसेंबर २०२५ मध्ये उघड झाले. घाईत चुकीचे टंकणाऱ्यांच्या संगणकात त्या पत्त्यावरून घातक प्रोग्राम शिरत होता. मूळ स्क्रिप्टमध्ये काही खोट नसूनही लोक फसले.

अस्सल मार्गातही विष कालवले जाऊ शकते, हे महाराष्ट्राने पाहिले आहे. जून २०१७ मध्ये ‘नॉटपेट्या’ हा विषाणू युक्रेनमधल्या एका हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून पसरला आणि त्याने मर्स्क या जहाज कंपनीचे जाळे ठप्प केले. उरणजवळच्या जेएनपीटी बंदरातल्या एका टर्मिनलचे काम त्यामुळे अडले होते. तिथे निदान सॉफ्टवेअर बनवणारी कंपनी कोण, हे माहीत होते आणि दुरुस्तीसाठी कुणाचे दार ठोठवायचे तेही ठाऊक होते. क्रॅक बनवणाऱ्याचा पत्ता कुणाकडे असतो?

‘व्हतं’ तेव्हा काय होतं?

दक्षिण कोरियाच्या पोलिसांनी २०२५ च्या अखेरीस लिथुआनियाच्या एका नागरिकाला ताब्यात घेतले. विंडोज अ‍ॅक्टिव्हेट करून देणाऱ्या लोकप्रिय साधनाच्या नावाखाली त्याने एप्रिल २०२० ते जानेवारी २०२३ या काळात जगभर घातक प्रोग्रामच्या सुमारे २८ लाख प्रती पसरवल्या, असा आरोप आहे. हा प्रोग्राम गप्प बसून असे. वापरकर्त्याने आभासी चलन पाठवण्यासाठी खात्याचा पत्ता कॉपी केला, की पेस्ट करताना तो पत्ता बदलून चोराचा पत्ता घालायचा. विंडोज मात्र बिनतक्रार अ‍ॅक्टिव्हेट झालेली दिसायची. काम झाले म्हणजे माल चांगला, ही आपली पारख इथे उपयोगी पडत नाही.

छोट्या शहरांतल्या दुकानांना आणि स्टुडिओंना जास्त जवळचा वाटेल असा प्रकार ‘स्टॉप’ किंवा ‘डीजेव्हीयू’ नावाच्या खंडणीखोर प्रोग्रामचा. क्रॅक आणि अ‍ॅक्टिव्हेटर हाच त्याच्या प्रसाराचा मुख्य मार्ग. संगणकात शिरल्यावर तो पडद्यावर विंडोज अपडेट चालू असल्याचा देखावा दाखवतो. माणूस चहा प्यायला जातो. तोवर आत फोटो, एक्सेलच्या फाइली, पत्रव्यवहार असे सगळे एकेक करून कुलूपबंद होते. शेवटी एक चिठ्ठी उरते. फाइली परत हव्या तर ९८० डॉलर, ७२ तासांच्या आत संपर्क केला तर निम्मी सूट, म्हणजे ४९० डॉलर. ऑक्टोबर २०१९ मध्ये ‘एम्सीसॉफ्ट’ या कंपनीने त्याच्या १४८ प्रकारांवर मोफत उतारा काढला. पण त्यानंतरच्या प्रकारांत कुलपाची पद्धत बदलली आणि अनेकांच्या फाइली कायमच्या गेल्या. आभासी चलनात पैसे भरूनही किल्ली मिळेलच, याची शाश्वती नसते. खंडणीखोर प्रोग्राम संस्थेचे काम कसे थांबवतात, ते खानदेशातल्या उद्योजकांनीही जवळून पाहिले. जळगाव आणि धुळ्यातल्या औद्योगिक वसाहती ज्या महामंडळाच्या, त्या एमआयडीसीच्या मुंबईतल्या सर्व्हरवर मार्च २०२१ मध्ये अशाच प्रोग्रामने हल्ला केला होता. मार्ग कुठलाही असो, फाइलींना कुलूप लागले की मोठी संस्थाही हतबल होते.

तिसरे उदाहरण विज्ञानाच्या दुनियेतले आहे आणि जळगाव-धुळ्यातल्या महाविद्यालयीन विद्यार्थ्यांनी ते लक्षात ठेवण्यासारखे आहे. ‘सोफोस’ या सुरक्षा कंपनीने मे २०२१ मध्ये युरोपातल्या एका जैवरेणू संशोधन संस्थेची हकिकत प्रसिद्ध केली. संस्था कोविडवर संशोधन करत होती. तिच्याशी जोडलेल्या एका विद्यार्थ्याला आकडेवारीचे आलेख काढणारे सॉफ्टवेअर घरच्या संगणकावर हवे होते. परवान्याची किंमत वर्षाला शेकडो डॉलर. त्याने क्रॅक शोधला. डिफेंडरने अडवले, म्हणून डिफेंडर आणि फायरवॉल दोन्ही बंद केले. आलेख काढणारे सॉफ्टवेअर काही मिळाले नाही. मिळाला तो कळफलकावर टंकलेले प्रत्येक अक्षर, ब्राउझरमधले पासवर्ड आणि कुकीज चोरणारा प्रोग्राम. त्यात संस्थेच्या जाळ्यात शिरण्याचा विद्यार्थ्याचा पासवर्डही गेला. तेरा दिवसांनी कुणीतरी त्याच्या नावाने संस्थेच्या सर्व्हरवर शिरले. आणखी दहा दिवसांनी ‘रयूक’ नावाच्या खंडणीखोर प्रोग्रामने सगळ्या फाइलींना कुलूप लावले. बॅकअप अद्ययावत नसल्याने आठवड्याभराचे संशोधन गेले आणि संगणक, सर्व्हर नव्याने उभे करावे लागले. क्रॅक टाकला एकाने, किंमत मोजली अख्ख्या संस्थेने.

ओटीपीचे कुंपण

‘माझ्या बँकेला ओटीपी लागतो, पासवर्ड गेला तरी काय बिघडले?’ असे अनेकांना वाटते. पासवर्ड चोरणारे आजचे प्रोग्राम हे कुंपण दुसऱ्या बाजूने ओलांडतात. आपण एखाद्या ईमेलमध्ये किंवा पोर्टलवर एकदा ओटीपी देऊन शिरलो, की ब्राउझर ‘कुकी’ नावाची छोटी चिठ्ठी जपून ठेवतो. पुन्हा पुन्हा ओटीपी मागावा लागू नये म्हणून ही सोय. चोराने ती चिठ्ठीच उचलली, तर अनेक ठिकाणी त्याला ओटीपी विचारलाच जात नाही. समोरच्या सर्व्हरला वाटते, हा तर मघाशीच आत आलेला माणूस. बँकांची पोर्टल काही मिनिटांत बाहेर काढतात, म्हणून तिथला धोका कमी. ईमेल आणि सोशल मीडियाच्या खात्यांचे मात्र तसे नसते. आणि ईमेल हातात आला, की ‘पासवर्ड विसरलो’ म्हणून बाकीची बरीच दारे उघडतात.

हा धंदा किती मोठा आहे? ‘लुमा’ नावाच्या एकाच चोरट्या प्रोग्रामने १६ मार्च ते १६ मे २०२५ या दोन महिन्यांत जगभरातल्या ३ लाख ९४ हजारांहून अधिक विंडोज संगणकांना लागण केल्याचे मायक्रोसॉफ्टने सांगितले. क्रॅक केलेले सॉफ्टवेअर हा त्याच्या प्रसाराचा एक नेहमीचा मार्ग होता.

आता पुन्हा केळीपट्ट्यातल्या त्या रांगेकडे पाहू. तिथल्या शेतकऱ्याने क्रॅक टाकलेला नाही. त्याला विंडोजचा परवाना म्हणजे काय, हेही ठाऊक नसेल. पण त्याचे आधार, सातबारा आणि पासबुकाची प्रत टेबलावरच्या संगणकात गेली आहे. तो संगणक बाधित असेल, तर चोरी त्याची होणार. लॅबमधल्या रिपोर्टचे तेच, करसल्लागाराकडच्या पासवर्डच्या एक्सेल यादीचेही तेच. घरच्या संगणकावर क्रॅक टाकणारा स्वतःचा धोका पत्करतो. दुसऱ्यांचे कागद हाताळणारा मात्र त्यांच्या वतीने, त्यांना न विचारता तो पत्करत असतो.

पैसे भरलेले असतानाही क्रॅक

या सगळ्यातली चुटपुट लावणारी बाब अशी, की अनेकदा क्रॅकची गरजच नसते. लॅपटॉपच्या किमतीत विंडोजचे पैसे आधीच भरलेले असतात. की मदरबोर्डवरच्या चिपमध्ये शाबूत असते. पण ती बहुधा ‘होम’ आवृत्तीची. दुकानात फॉरमॅट मारताना सवयीने ‘प्रो’ आवृत्ती टाकली जाते. तिला ही की चालत नाही, म्हणून क्रॅक लावला जातो. मूळ आवृत्तीच पुन्हा टाकली असती, तर इंटरनेट जोडताच ती आपोआप अस्सल ठरली असती. मायक्रोसॉफ्ट विंडोजची मूळ फाइल आणि ती पेनड्राइव्हवर उतरवण्याचे साधन मोफत देते. दुकानदाराला ‘लॅपटॉपवर आधी जी आवृत्ती होती तीच टाका’ एवढे सांगितले तरी पुष्कळदा काम भागते.

दुसरा गैरसमज, अ‍ॅक्टिव्हेट न केलेली विंडोज बंद पडते. ती बंद पडत नाही. कोपऱ्यात सूचना दिसत राहते, भिंतीचित्र आणि रंग बदलता येत नाहीत. सुरक्षा अपडेट मात्र येत राहतात. परवाना घेणे बंधनकारक आहेच, पण पैशांची सोय होईपर्यंतचे काही दिवस काढायचे असतील, तर ती कटकट सोसणे क्रॅकपेक्षा कितीतरी सुरक्षित. क्रॅक लावल्यावर उलटे होते. अ‍ॅक्टिव्हेशन जाईल या भीतीने अनेक जण अपडेटच बंद करून टाकतात. अपडेट म्हणजे संगणकाचे लसीकरण. ते थांबवले, की जुन्या, सर्वांना माहीत असलेल्या रोगांनाही दार उघडे राहते.

विंडोज १० चे नियमित अपडेट १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबले. घरगुती ग्राहकांसाठी वाढीव सुरक्षा अपडेटची योजना आहे. तिची मुदत १३ ऑक्टोबर २०२६. खानदेशातल्या शाळा, दुकाने, पतसंस्थांमध्ये असलेल्या अनेक जुन्या संगणकांना विंडोज ११ अधिकृतपणे चालत नाही. ‘जुगाड करून ११ टाकून देतो’ हा पर्याय अशा वेळी मोहात पाडतो. अशा संगणकांसाठी लिनक्स हा मोफत, कायदेशीर मार्ग आहे. सी-डॅकने भारतीय भाषांसाठी तयार केलेली ‘बॉस’ ही त्याचीच एक आवृत्ती. ब्राउझरवर चालणारी बहुतेक कामे त्यावर होतात. एखाद्या पोर्टलसाठी किंवा बोटांच्या ठशांच्या यंत्रासाठी विंडोजच लागत असेल, तर त्या एका संगणकापुरता परवाना घ्यावा.

विद्यार्थ्यांसाठीही वाटा आहेत. पत्रव्यवहार आणि तक्त्यांसाठी लिब्रेऑफिस, चित्रांसाठी गिम्प आणि इंकस्केप. वैद्यकीय किंवा कृषी संशोधनाच्या प्रबंधासाठी आकडेवारी तपासायची असेल, तर ‘आर’ आणि ‘जॅमोव्ही’. ही सगळी मोफत आणि प्रबंधात बिनदिक्कत उल्लेख करता येण्यासारखी आहेत. क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरचे नाव पद्धतींच्या प्रकरणात लिहिणे म्हणजे स्वतःच्या सहीने कबुली देणे.

कायदाही स्पष्ट आहे. स्वामित्व हक्क कायदा, १९५७ च्या कलम ६३-ब नुसार बेकायदा प्रत आहे हे माहीत असताना संगणकावर वापरली, तर सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. वापर धंद्यासाठी किंवा नफ्यासाठी नसेल, तर न्यायालय कैद टाळून ५० हजारांपर्यंत दंडावर सोडू शकते. दुकान, कार्यालय, स्टुडिओ यांना ही सवलत मिळणे कठीण.

आपला संगणक तपासताना

सेटिंग्जमध्ये ‘सिस्टम’ आणि त्यात ‘अ‍ॅक्टिव्हेशन’ उघडावे. ‘तुमच्या संस्थेच्या अ‍ॅक्टिव्हेशन सेवेद्वारे विंडोज सक्रिय आहे’ अशा अर्थाची ओळ दिसली आणि संगणक घरचा किंवा दुकानाचा असेल, तर ही संस्था कोणती, हा प्रश्न विचारायलाच हवा. लॅपटॉपसोबत ‘होम’ आली होती आणि आता ‘प्रो’ दिसत असेल, तरी शंकेला जागा आहे. मग ‘विंडोज सिक्युरिटी’मध्ये जाऊन डिफेंडर चालू आहे का आणि वगळलेल्या फोल्डरांच्या यादीत आपण न घातलेले काही आहे का, ते पाहावे.

शंका खरी ठरली, तर नुसता अँटिव्हायरस फिरवून समाधान मानू नये. सर्वोच्च अधिकार मिळालेल्या प्रोग्रामने काय काय बदलले, हे शोधणे तज्ज्ञांनाही अवघड जाते. आपली कागदपत्रे आणि फोटो वेगळे काढावेत, प्रोग्राम मात्र सोबत घेऊ नयेत. मग मूळ फाइलीवरून विंडोज नव्याने टाकावी. ईमेल आणि बँकेचे पासवर्ड दुसऱ्या, खात्रीच्या मोबाइलवरून किंवा संगणकावरून बदलावेत. ‘सर्व उपकरणांवरून बाहेर पडा’ हा पर्यायही वापरावा, म्हणजे चोरलेल्या चिठ्ठ्या निकामी होतात. केंद्र सरकारच्या ‘सायबर स्वच्छता केंद्रा’वर विषाणू काढणारी साधने मोफत मिळतात. पैसे गेले असतील, तर वेळ न दवडता १९३० या क्रमांकावर कळवावे.

बॅकअपची सवय तर प्रत्येकालाच हवी. बाहेरच्या हार्डडिस्कवर आठवड्यातून एकदा प्रत घ्यावी आणि काम होताच ती डिस्क काढून कपाटात ठेवावी. कायम जोडून ठेवलेल्या डिस्कलाही खंडणीखोर प्रोग्राम कुलूप लावतो.

आणि दुरुस्तीला दिलेला संगणक परत घेताना दोन प्रश्न विचारायला हरकत नाही. कोणती विंडोज टाकली? डिफेंडर चालू आहे ना? अर्ज भरायला गेलेल्या शेतकऱ्यालाही आपले काम झाल्यावर ‘भाऊ, माझ्या कागदांच्या फाइली आता काढून टाका’ असे सांगता येते. कागद त्याचे आहेत आणि ‘काही व्हत नही’ हे त्यांच्या बाबतीत ठरवायचा अधिकारही त्याचाच आहे.